आमसुली रंगाची गोष्ट

माझ्यावर सर्वांत जास्त उपकार कोणाचे, असं कोणी विचारलं तर मी आई-वडिलांचं नाव घेत नाही. त्यांनी जे केलं त्याला उपकार म्हणत नाहीत. मी प्रमिला बागूल हे नाव घेतो. नाशिकच्या एका महाविद्यालयात त्या मराठी शिकवत. सगळे त्यांना बागूल मॅडम म्हणत. त्यांनी एक संपूर्ण शास्त्र एकटीनं काढलं होतं. त्याचं नाव कथारंगशास्त्र. प्रत्येक कथेला स्वतःचा एक रंग असतो, तो शोधून काढता येतो आणि त्या रंगावरून कथांची वर्गवारी करता येते, असं हे शास्त्र सांगतं. हे शास्त्र जाणणारी व्यक्ती जगात एकच होती आणि मॅडमची खरी अडचण तीच होती.

"छंद आणि शास्त्र यांत फरक काय, सांग बरं," पहिल्याच वर्षी त्यांनी मला वर्गात उभं करून विचारलं होतं.

मी नामपूरहून आलेला. आमच्या घरात माझ्याआधी कोणी कॉलेजची पायरी चढलेलं नव्हतं. वडील कांदा मार्केटात गोण्या शिवायचे. छंद आणि शास्त्र, दोन्हींशी आमचा संबंध आलेला नव्हता.

"एकाला दिसतं तो छंद," मॅडम म्हणाल्या. "एकमेकांना न विचारता दोघांना तेच दिसलं, की शास्त्र. मला दुसरा माणूस हवाय. एकच. तोही एकदाच. खाली बस."

मी खाली बसलो तो मनाशी ठरवूनच, की तो दुसरा माणूस मीच होणार. हा निश्चयच मला पुढे नडला, पण ते नंतर सांगतो.

मॅडम कायम राखी रंगाची साडी नेसत. रंगांचं शास्त्र काढणाऱ्या बाईला दुसरा रंग माहीत नाही का, असं मुली आपसांत म्हणत. एकीनं धीर करून विचारलंच. मॅडम म्हणाल्या, "तराजूनं स्वतः गूळ खायचा नसतो." इंदिरानगरमधल्या त्यांच्या घरातही हा नियम होता. भिंती पांढऱ्या, पडदे पांढरे, चहासुद्धा पांढऱ्या कपात. बशी मात्र मिळायची नाही. घरात बशी एकच होती, जुनी, चिनी मातीची, काठाला टवका उडालेली. ती प्रयोगशाळेची होती. पाहुण्यांना चहा कपानंच प्यावा लागे आणि भाजला हात तर ते सहन करावं लागे.

त्या बशीमागे थोडी हकिगत आहे. मॅडमचे वडील येवल्याला रेशीम रंगवायचे. रंगवलेल्या लडीतला एक धागा ते या बशीत पाण्यात टाकून ठेवत. सकाळी धाग्याकडे ढुंकूनही बघत नसत, बशीतल्या पाण्याकडे बघत. गिऱ्हाइकानं धाग्याचा रंग बघावा, रंगाऱ्यानं पाण्याचा, असं ते म्हणत. मॅडमचं सगळं शास्त्र या वाक्यावर उभं होतं. कथेचा दिसतो तो रंग खोटा, सुटतो तो खरा. म्हणून कथा वाचून झाल्यावर लगेच तोंड उघडायचं नाही. ती रात्रभर मनात भिजत घालायची. सकाळी मनात जे पाणी उरेल त्याचा रंग एका चिठ्ठीवर लिहायचा आणि चिठ्ठी त्या बशीत टाकायची. मॅडमही स्वतःची चिठ्ठी टाकणार. मग दोन्ही उघडायच्या.

'भिजत घालते' हे मॅडमचं सर्वांत लाडकं उत्तर होतं. प्राचार्यांनी कशावर मत विचारलं तरी 'भिजत घालते'. घराला कोणता रंग द्यायचा असं रंगाऱ्यानं विचारलं तरी 'भिजत घालते', आणि भिंती पांढऱ्याच. भाजीवाल्यानं भेंडीचा भाव सांगितला की 'भिजत घालते' म्हणून पुढे जात. हा भाजीवाला त्यांना घाबरून असे. तो मला म्हणाला होता, "बाकीच्या बाया घासाघीस करतात, ते परवडतं. या बाई नुसत्या विचार करतात हो."

आमच्या वर्गावर त्यांनी पहिला प्रयोग केला, तेव्हा दुसऱ्या दिवशी निम्म्याहून जास्त चिठ्ठ्यांवर 'पिवळा' निघाला. मॅडमचा चेहरा उजळला. मग त्यांची नजर फळ्याकडे गेली. आदल्या दिवशी कथेचं नाव त्यांनी पिवळ्या खडूनं लिहिलं होतं. त्यांची स्वतःची चिठ्ठी 'तांबडा' होती.

त्यानंतर आला बोरस्ते. हा निफाडचा, पहिल्या बाकावर बसणारा, आणि कथा वाचतो असा कोणाचाही समज नव्हता. पण त्याची चिठ्ठी मॅडमच्या चिठ्ठीशी जुळली. पुढच्या कथेलाही जुळली. त्याच्या पुढच्याही. मॅडमनी पेढे आणले. त्यांनी आयुष्यात एकदाच पेढे वाटले असावेत, कारण पेढे द्यायचे कसे हे त्यांना ठाऊक नव्हतं. हजेरी घेतल्यासारखं एकेकाचं नाव घेऊन त्या पेढा देत होत्या. बोरस्तेची पाळी आली. त्यानं पेढा घेतला, तोंडात टाकला आणि उभाच राहिला.

"काय रे?"

"मॅडम, गोड लागंना."

"बिघडलाय का?"

"पेढा चांगलाय मॅडम. मी तुमच्या मनगटाकडं बघतो. चिठ्ठी लिहिताना. तांबडा लिहिताना मनगट जास्त वळतं. निळा लिहिताना पेन एकदा वर जातं. कथा मी वाचलीच नाही एकपण."

वर्ग हसला नाही. मॅडमनी हातातला पेढ्यांचा पुडा टेबलावर ठेवला. मग म्हणाल्या, "निरीक्षण चांगलंय तुझं. फक्त भलत्याच वस्तूचं आहे. आता खा तो पेढा." बोरस्ते पुढे पोलिसात गेला आणि तपासात त्यानं नाव काढलं, असं ऐकतो. त्या दिवसापासून मॅडम चिठ्ठी लिहिताना समोर पुस्तक उभं धरायला लागल्या. शास्त्रात एका नियमाची भर पडली: मनगटाकडं पाहू नये.

एव्हाना मॅडम सातपूरच्या कामगार वसाहतीतल्या एका छोट्या वाचनालयाच्या समितीवर होत्या. त्यांनी तिथली कथा-कादंबऱ्यांची कपाटं आपल्या शास्त्राप्रमाणे लावायला घेतली. प्रत्येक पुस्तकाच्या कण्यावर रंगीत कागदाची पट्टी. काम त्यांनी एका उन्हाळ्याच्या सुट्टीत एकटीनं पुरं केलं. महिन्याच्या आत समितीची तातडीची बैठक लागली. मॅडमनी मला वाचक म्हणून सोबत नेलं होतं, म्हणून हे मी पाहिलेलं सांगतो.

"मॅडम, या कादंबरीला हिरवी पट्टी का?" एकानं विचारलं.

"ओल धरून आहे ती. शेवटपर्यंत वाळत नाही."

"ते असू द्या. पण हिरवीच का?"

दुसरा म्हणाला, "निळी पट्टी तुम्ही विनोदी पुस्तकांना लावली. आमच्या निळ्याची चेष्टा चाललीय का?"

"विनोद म्हणजे चेष्टा नव्हे. संध्याकाळनंतर आभाळ..."

"आणि भगवी पुस्तकं खालच्या कप्प्यात!" तिसरा उठूनच उभा राहिला. "पायाशी!"

"खालचा कप्पा मुलांच्या हाताला येतो."

"तरी पायाशीच ना!"

भगवी पुस्तकं वर नेली तर बाकीचे दोघं म्हणाले, आमच्या डोक्यावर का? मधला कप्पा एकच होता आणि त्यावर तिघांचा हक्क होता. पुस्तकांत काय आहे हे कोणीही विचारलं नाही, आणि खरं सांगायचं तर तिघांपैकी कोणाच्याही नावावर वाचनालयाचं एकही पुस्तक नव्हतं. अध्यक्ष नानासाहेब हे कारखान्यातून निवृत्त झालेले फोरमन. माणूस शांत. ते म्हणाले, "मॅडम, शास्त्र तुमचं बरोबर असंल. पण रंग आधीच वाटून झालेत हो आपल्याकडं. तुम्ही उशिरा आलात."

"मग उरलेले सांगा. त्यांत भागवते."

सगळे खरोखरच विचार करायला लागले. पिवळा म्हटला तर भंडारा आठवला. लाल युनियनचा. काळा निषेधाचा. पांढरा पुढाऱ्यांचा, असं मागून कोणीतरी म्हणालं आणि बैठकीत पहिल्यांदा सगळे मिळून हसले.

दुसऱ्या दिवशी मॅडम मेन रोडवरच्या एका साड्यांच्या दुकानात गेल्या आणि दुपारभर बसल्या. दुकानदारानं अर्धं दुकान गादीवर पसरलं. मॅडम एकेका साडीवर बोट ठेवून 'याला काय म्हणतात' एवढंच विचारत होत्या. शेवटी त्यांनी एक साडी घेतली. राखी. पण येताना नावं सगळी घेऊन आल्या: अबोली, गुलबक्षी, वांगी, मोतिया, शेवाळी, चिंतामणी, आमसुली.

पट्ट्या बदलल्या आणि वाद एका दिवसात मिटला. समितीतल्या एकाही पुरुषाला अबोली कुठली आणि मोतिया कुठली हे सांगता येईना, त्यामुळे भावना कशाबद्दल दुखवायच्या हेच कळेना. सामाजिक सलोख्याचा याहून स्वस्त उपाय मी अजून पाहिलेला नाही.

वसाहतीतल्या बायकांना मात्र सगळे रंग कळत होते. ज्या वाचनालयात पूर्वी निवृत्त माणसं पेपर वाचून डुलक्या घेत, तिथं संध्याकाळी बायकांची रांग लागायला लागली. अबोली म्हणजे मुख्य गोष्ट न सांगताच संपणारी. गुलबक्षी संध्याकाळी फुलणारी, सकाळी आठवणारसुद्धा नाही अशी. वांगी वरून तुकतुकीत आणि आत नुसत्या बिया, म्हणजे घरोघरची भांडणं. मोतियात माणसं चांगली, बाकी काही घडत नाही. शेवाळीत पाय घसरतो, म्हणजे रहस्यकथा. चिंतामणी रंग नक्की कोणता यावर दुकानदारांचंही एकमत नव्हतं, म्हणून जिच्याबद्दल कोणाचंच जुळत नाही ती कथा चिंतामणी.

"मॅडम, एक वांगी द्या ना. पण मागच्यासारखी रडकी नको."

"माझी नणंद यायचीय चार दिवस. काहीतरी गुलबक्षी असू द्या, डोकं चालवायला नको."

"आमच्या यांना मोतिया द्या हो. बीपी वाढलंय."

शास्त्र इतकं लोकप्रिय झालेलं बघून मॅडम संतापल्या होत्या. "मी शास्त्र काढलं," त्या मला म्हणाल्या, "आणि यांनी त्याचं ब्लाउजपीस मॅचिंग केलं! माझी पट्टी बघून पुस्तक नेतात. मला हवंय त्यांनी आधी वाचावं, भिजत घालावं आणि मग माझी पट्टी चुकली म्हणून माझ्याशी भांडावं. भांडायला कोणी येतच नाही."

आमसुलीचा कप्पा जवळजवळ रिकामा होता, आणि त्यातलं पुस्तक कोणी नेतही नसे. "दिसायलाच काळं आहे, नको," असं बायका म्हणत. मी मॅडमना त्याबद्दल विचारलं. त्या उठून स्वयंपाकघरात गेल्या, डब्यातून एक आमसूल काढून माझ्या तळहातावर ठेवलं. काळं, कोरडं, सुरकुतलेलं.

"जवळ ठेवावंसं वाटतं?"

"नाही."

त्यांनी ते बशीत पाण्यात टाकलं. "सकाळी ये."

सकाळी गेलो. बशीतलं पाणी लालभडक झालं होतं.

"अशा गोष्टी लोक सांगत नाहीत," मॅडम म्हणाल्या. "सांगितल्याच तर चांगली बाजू लावून सांगतात. म्हणजे साखर घालतात. मग त्याचं सरबत होतं. आमसुली गोष्ट साखर न घालता सांगायला फार धीर लागतो. ओळखायला त्याहून जास्त."

आता माझ्याबद्दल थोडं, तेही मॅडमच्या संदर्भात लागतं म्हणून. मी रविवारी त्यांच्याकडे जेवायचो. माझ्या बोलण्यातलं अहिराणी त्यांनी कधी सुधारलं नाही, लिहिण्यातलं प्रत्येक चुकलेलं वाक्य मात्र परत लिहायला लावलं. बी.ए. झाल्यावर घरच्यांना वाटत होतं, आता पुरे, मिळेल ती नोकरी धरावी. मॅडम एस.टी.नं नामपूरला आल्या, मार्केटात गोण्यांच्या थप्पीवर बसल्या आणि वडिलांशी बोलल्या. काय बोलल्या ते दोघांनीही मला सांगितलं नाही. मी एम.ए.ला गेलो. एवढ्या उपकारांची फेड म्हणून मला एकच गोष्ट करायची होती, मॅडमची चिठ्ठी जुळवायची.

ती कधी जुळली नाही. मी मनापासून प्रयत्न केला. मॅडमना कोणती कथा कशी वाटेल याचा रात्ररात्र विचार केला. सकाळी त्या कशा बोलल्या, चहा पूर्ण प्यायल्या की अर्धा ठेवला, यावरून अंदाज बांधले. माझी अबोली तर त्यांची शेवाळी. माझी शेवाळी तर त्यांची मोतिया.

एका रविवारी त्यांनी दोन्ही चिठ्ठ्या बशीत परत टाकल्या आणि विचारलं, "तुला कथा आवडते की मी?"

"दोन्ही, मॅडम."

"मग तू बाद."

माझा चेहरा पडलेला बघून त्या म्हणाल्या, "बोरस्ते मनगटाकडं बघायचा, तू माझ्या तोंडाकडं बघतोस. त्याचं निदान जुळायचं तरी. अरे, कृतज्ञ माणूस साक्षीला चालत नाही. कोर्टात विचार." मग ताटात आणखी एक पोळी वाढली.

महाविद्यालयात एकदा चर्चासत्र झालं. बाहेरगावाहून एक मोठे विद्वान आले होते. मॅडमनी आपलं शास्त्र पहिल्यांदाच विद्वानांपुढे मांडलं. त्याआधी आठवडाभर त्या आपला निबंध वाचून बघत होत्या. प्रश्नोत्तरांत विद्वान हसत हसत म्हणाले, "मॅडम, कल्पना रम्य आहे. पण हे शास्त्र आहे की साड्यांचं दुकान?"

सभागृह खदखदून हसलं. मॅडम शांतपणे म्हणाल्या, "साड्यांच्या दुकानात दोघींना एकच साडी पसंत पडते तेव्हा भांडण होतं. सर, मी त्या भांडणाची वाट बघतेय. तुम्ही एखादी कथा वाचता का आज रात्री? सकाळी चिठ्ठ्या उघडू."

सरांची संध्याकाळची गाडी होती. महाविद्यालयाच्या अहवालात पुढे असं छापून आलं, की प्रा. बागूल यांनी 'साहित्य आणि साडी' या विषयावर उद्बोधक विचार मांडले. मॅडमनी ते पान मला वाचून दाखवलं आणि म्हणाल्या, "छान. पुढच्या वर्षी पाककलेवर बोलवतील."

मला निफाडला कनिष्ठ महाविद्यालयात नोकरी लागली, तेव्हा गावानं माझा सत्कार केला. मॅडम प्रमुख पाहुण्या होत्या. माझ्या डोक्यावर गुलाबी फेटा होता. सूत्रसंचालकांनी माझी जीवनकहाणी सांगितली. मी अनवाणी शाळेत जात असे. रस्त्यावरच्या दिव्याखाली अभ्यास करत असे. आईनं मंगळसूत्र मोडलं. बायका डोळे पुसायला लागल्या. मीही रुमाल काढला. आमच्या घरात वीज होती, मला शाळेत जायला सायकल होती आणि आईचं मंगळसूत्र त्या वेळी तिच्या गळ्यात होतं. वडील माझ्याकडे झुकून हळूच म्हणाले, "हाई कोनी गोष्ट शे रे?" ही गोष्ट कोणाची, हे त्यांना खरोखरच कळेना.

मॅडमना बोलायला सांगितलं. त्या एवढंच म्हणाल्या, "या मुलाची गोष्ट ऐकली. रात्री भिजत घालते आणि त्याला कळवते." लोकांना तो मोठा गौरव वाटला. टाळ्या झाल्या.

सकाळी फोन आला.

"गुलाबी. फेट्याचा गुलाबी. सगळाच्या सगळा उतरला, खाली पांढरं सूत राहिलं. आणि ऐक, तुला ती गोष्ट आवडायला लागलीय. मी तुझं तोंड बघत होते."

मग त्यांनी विचारलं,

"फेटा परत दिलास?"

"हो. भाड्याचा होता."

"गोष्टसुद्धा," त्या म्हणाल्या आणि फोन ठेवला.

त्यानंतर जिथं बोलावलं तिथं मी सायकल होती असं सांगायला लागलो. हळूहळू बोलावणी कमी झाली. माझ्यावर मॅडमचे जे उपकार आहेत त्यांत एम.ए.च्याही वर मी हा धरतो.

मॅडम निवृत्त झाल्या. वाचनालयावर तरुण समिती आली. संगणक आला, कपाटं नवी झाली, पुस्तकं लेखकांच्या आडनावांप्रमाणे लागली आणि पट्ट्या खरवडून काढल्या गेल्या. मॅडम बडोद्याला भाचीकडे कायमच्या राहायला निघाल्या, त्याआधी आम्ही दोघं तिथं जाऊन आलो. आमच्यापुढे एक बाई टेबलाशी उभी होती.

"ती आमसुली पुस्तकं असायची ना खालच्या कप्प्यात, ती कुठं गेली?"

तरुणानं टाइप केलं. "अशा नावाचा लेखक नाही मावशी."

"लेखक नाही हो. रंग."

"रंग नाही दाखवत हे."

मी रागानं पुढे होणार होतो. मॅडमनी माझा हात धरला. बाहेर आल्यावर म्हणाल्या, "पट्ट्या गेल्या त्याचं काही नाही. पट्टी म्हणजे शास्त्र नव्हे. दुसरा माणूस मिळाला नाही, एवढंच. तेव्हा छंद होता म्हणायचं. छंदही वाईट नसतो."

दुसऱ्या दिवशी सामान टेम्पोतून पुढे गेलं. मॅडम रिक्षात बसल्या. राखी साडी, मांडीवर वर्तमानपत्रात गुंडाळलेली बशी. मी बशीकडे बघत होतो.

"ही देणार नाही तुला," त्या म्हणाल्या. "तू पूजेला लावशील."

रिक्षा सुरू झाली. वळणावर तो भाजीवाला उभा होता. त्यानं हात हलवून काहीतरी विचारलं. मॅडमनी रिक्षातून वाकून त्याला उत्तर दिलं. ते मला ऐकू आलं नाही, पण काय असेल ते सांगायला नको.

यंदा हिवाळा संपताना मी त्यांना एक पत्र पाठवलं. ते असं:

आदरणीय बागूल मॅडम,

सादर नमस्कार. तब्येतीची काळजी घेत असाल. मी कामाचंच लिहितो.

मी राहतो त्या खोलीला लागून द्राक्षांची बाग आहे. तुम्हाला माहीत आहे, थंडीत मण्यांवर गुलाबी छटा आली की तो माल बाहेरचा व्यापारी घेत नाही. म्हणून बायकांची टोळी येते आणि घडांना रद्दी वर्तमानपत्रं गुंडाळते. त्या टोळीत हौसाबाई म्हणून एक आहेत. त्यांचा मुलगा घरातून गेला त्याला फार दिवस झाले. कुठं आहे विचारलं तर त्या 'कामाला हाय' म्हणतात.

एक दिवस दुपारी त्या रद्दीतलं एक पान घेऊन कुंपणाशी आल्या. "मास्तर, हे काय लिव्हलंय, वाचा बरं." मोटरसायकली चोरणाऱ्या काही मुलांना पकडल्याची जुनी बातमी होती. वर फोटो होता. मी वाचून दाखवली. नावं वाचली.

त्यांनी विचारलं, "मोठ्या अक्षरात हाय का बारीक?"

मी म्हणालो, "बारीक."

"मंग बरं हाय." त्यांनी पान परत घेतलं आणि फोटोकडे बघितलं. "लय वाळलाय वो."

मग त्या वेलांच्या शेवटच्या ओळीत गेल्या आणि ते पान त्यांनी एका घडाला गुंडाळलं. फोटो आतल्या बाजूला.

त्यानंतर जेवणाच्या सुट्टीत त्या रोज त्या वेलापर्यंत जाऊन यायच्या. कागद नीट आहे का बघायच्या, वाऱ्यानं सैल झाला असेल तर परत आवळायच्या. बाकीच्या बायका चिडवायच्या, "काय गं हौसाबाई, त्या येलावर काय सोनं लागलंय का?" त्या म्हणायच्या, "उंदराचा तरास हाय तिथं."

काढणीच्या दिवशी सगळ्यांनी कागद ओरबाडून बांधावर फेकले. शेवटच्या ओळीतला तो घड हौसाबाईंनी स्वतः काढला आणि इतरांसारखाच क्रेटमध्ये ठेवला. कागदाची घडी करून कमरेला खोचली. मी बघतोय हे त्यांना दिसलं. म्हणाल्या, "चूल पेटवायला."

एवढीच गोष्ट आहे. यात मी साखर घातलेली नाही. कोणाला सांगितलेलीही नाही. एक रात्र भिजत घातली आणि सकाळी चिठ्ठी लिहिली. ती सोबतच्या छोट्या पाकिटात चिकटवून बंद केली आहे. आधी तुम्ही तुमची चिठ्ठी लिहा, बशीत टाका, आणि मगच पाकीट फोडा.

एका गोष्टीबद्दल क्षमा मागायची आहे. चिठ्ठी लिहिताना तुम्ही काय लिहाल हा विचार माझ्या मनात आला नाही. तो आला नाही, हे पाकीट चिकटवून झाल्यावर लक्षात आलं.

तुमच्या मनगटाकडं बघायला मी तिथं नाही.

आपला विद्यार्थी